जुन्या ३६० मधले डेमो: फॉरमॅट मारू की ठेवू?

निशाचर_नाशिक
मंडळी एक प्रश्न आहे, जरा लांबण लागेल, सांभाळून घ्या.

घरी एक्सबॉक्स ३६० आहे (मायक्रोसॉफ्टचं गेमचं मशीन), २५० जीबीवाला, लग्न झाल्यापासून माळ्यावरच पडून होता. आता मावसभावाच्या पोराला पाहिजे म्हणून खाली काढला, धूळ झटकली, लावला आणि चक्क चालू झाला. देण्याआधी आपलं प्रोफाइल वगैरे उडवावं म्हणून स्टोरेजमध्ये गेलो तर आत गेमपेक्षा डेमोच (गेमचे फुकट चाखायला दिलेले तुकडे) जास्त निघाले. बॅटमॅन अर्कम असायलमचा, जस्ट कॉज २ चा तो अर्ध्या तासाचा, शिवाय आर्केडवाल्या छोट्या गेमच्या ट्रायल तर ढिगाने. कॉलेजात असताना ब्रॉडबँडचा रात्री २ ते सकाळी ८ फुकटवाला प्लॅन होता, ज्यांनी वापरलाय त्यांना कळेल, अलार्म लावून उठायचं, डाउनलोड सुरू करायचं आणि परत आडवं व्हायचं. पूर्ण गेम घ्यायला पैसे कुठे होते, त्यामुळे डेमो म्हणजेच गेम. जस्ट कॉजचा डेमो संपला की परत पहिल्यापासून, असं किती वेळा केलं असेल देव जाणे.

तर फॉरमॅट मारायचं बटण दाबणार तेवढ्यात आठवलं की ३६० चं स्टोअर २९ जुलै २०२४ ला बंद झालंय. म्हणजे हे उडवलं की परत आणायची सोय नाही. आता प्रश्न असा की हे ठेवण्यात काही अर्थ आहे का, की मी उगाच हळवा होतोय? कुणीतरी कुठेतरी हे सगळं जपून ठेवलेलं असेलच ना? आणि ठेवायचंच झालं तर काढायचं कसं, कारण पोरगा रविवारी न्यायला येणार आहे आणि त्याच्या आईने आधीच दोनदा फोन केलाय.

खवट_काका
मार फॉरमॅट आणि दे पोराला. डेमो म्हणजे जाहिरात हो. आंबेवाला चव बघायला फोड देतो, ती कुणी फ्रीजमध्ये जपून ठेवतं का? पेटी घ्यायची तर घ्या, नाहीतर पुढे चला. आता लोकांना जुन्या जाहिरातींचंही संग्रहालय हवंय, कठीण आहे.

जुनाबाजार
काका, फोड त्याच आंब्याची असते ही तुमची समजूत आहे, डेमोचं दरवेळी तसं नसतं.

हाफ-लाइफ या गेमचा अपलिंक घ्या. फेब्रुवारी १९९९ मध्ये आलेला डेमो, आणि त्यातला भाग मूळ गेममध्ये नाहीच. गेम विकत घेऊन शेवटपर्यंत खेळलात तरी अपलिंक दिसणार नाही. त्या काळी मासिकांच्या सीड्यांवरून तो घरोघर पोचला म्हणून टिकला, आणि नोव्हेंबर २०२३ मध्ये २५ वर्षं झाली म्हणून हाफ-लाइफ बनवणाऱ्या व्हॉल्वने जो अपडेट काढला त्यात त्यांनी स्वतःच अपलिंक गेममध्ये घालून दिला. म्हणजे खुद्द कंपनीलाही ती टाकाऊ जाहिरात वाटली नाही. स्टॅनली पॅरबल नावाच्या गेमचा डेमो तर मुद्दाम वेगळाच लिहिलेला, पूर्ण गेममधलं त्यात काही नाही, डेमो या प्रकाराचीच टर उडवलीय.

आणि जिथे मजकूर तोच असतो तिथेही बऱ्याचदा डेमो हा गेम बाहेर येण्याच्या काही आठवडे, महिने आधी कापलेला असतो. त्यात शत्रूंची जागा वेगळी, मेनू वेगळा, एखादं शस्त्र पुढे काढून टाकलेलं, आवाज बदललेला. गेम कसा घडत गेला हे ज्यांना बघायचंय त्यांच्यासाठी बाहेरच्या माणसाच्या हाती लागणारा तेवढाच कच्चा खर्डा. कंपन्या आपले जुने बिल्ड (गेमच्या त्या त्या वेळच्या आवृत्त्या) दाखवत नाहीत, आणि बऱ्याच जणांकडे ते उरलेलेही नसतात.

आता मुख्य गोष्ट, निशाचर तुमच्यासाठी. "कुणीतरी जपलं असेलच" यावर अजिबात राहू नका. गेम विकत घेतला तर तुमच्या नावावर पावती असते, दुकान बंद झालं तरी "घेतलेलं परत उतरवून घ्या" एवढं तरी कंपनीला सांगावं लागतं. डेमोची पावती नाही. फुकट दिलेली वस्तू, त्यावर कुणाचाच हक्क नाही, म्हणून आवरायला घेतलं की ती पहिली बाहेर जाते. निन्टेन्डोने आपल्या ३डीएस आणि वी यू या मशीनचं ईशॉप म्हणजे डाउनलोडचं दुकान २७ मार्च २०२३ ला बंद केलं तेव्हा हे स्पष्ट लिहिलंच होतं, की विकत घेतलेलं पुढेही डाउनलोड करता येईल पण डेमोसकट फुकट गोष्टी नाही. त्यात पोकेमॉन सन-मूनचा डेमो गेला. तो १८ ऑक्टोबर २०१६ ला आला होता आणि त्यातून अॅश-ग्रेनिन्जा नावाचा खास पोकेमॉन मिळायचा जो पूर्ण गेममध्ये नेता यायचा. आज सन-मूनचं कार्ट्रिज सेकंडहँड सहज मिळेल, पण डेमो उतरवून तो ग्रेनिन्जा आणायची वाट बंद. पूर्ण गेमचा एक तुकडा फुकटच्या डेमोत अडकला आणि डेमोबरोबर गेला.

आणि पी.टी. तर सगळ्यांना माहितीच आहे, पण लहान मुलं वाचत असतील तर सांगतो (घाबरू नका). १२ ऑगस्ट २०१४ ला प्लेस्टेशन ४ वर एक भुताटकीचा छोटा गेम फुकट आला, बनवणाऱ्याचं नाव ७७८०एस स्टुडिओ, असं नाव कुणी ऐकलेलंच नाही. एकच बोळ, एल आकाराचा, दार उघडून बाहेर पडलं की परत त्याच बोळात, दर फेरीला काहीतरी बदललेलं. लोकांनी कोडं सोडवलं तेव्हा शेवटी कळलं की ही सायलेंट हिल या भुताटकीच्या गेममालिकेतल्या नव्या सायलेंट हिल्सची घोषणा आहे, गेम बनवणारा कोजिमा आणि सिनेमावाला गिलेर्मो देल तोरो मिळून करतायत, नट नॉर्मन रीडस त्यात आहे. पुढे एप्रिल २०१५ मध्ये तो गेमच रद्द झाला, २९ एप्रिलला पी.टी. स्टोअरवरून काढला आणि नंतर ज्यांनी आधी उतरवला होता त्यांनाही परत उतरवता येईना. मग पी.टी. असलेले वापरलेले पीएस४ ईबेवर अव्वाच्या सव्वा भावाने लागले. पीएस५ वर तो चालतच नाही.

आता याच्या शेजारी हे ठेवून बघा. २००१ मध्ये कोनामीनेच (पी.टी. मागची खरी कंपनीही तीच) पीएस२ वर झोन ऑफ द एंडर्स काढला, कोजिमाच त्याचा निर्माता, आणि डब्यात सोबत मेटल गिअर सॉलिड २ च्या डेमोची डिस्क दिली. कित्येकांनी गेम घेतलाच त्या डेमोसाठी. ती डिस्क आजही जुन्या बाजारात मिळते, लावली की चालते, कुणाला विचारावं लागत नाही. तोच माणूस, तीच कंपनी, १३ वर्षांचं अंतर, एक डेमो डिस्कवर होता आणि एक सर्व्हरवर. पुढचं तुम्हीच ठरवा.

खवट_काका
पी.टी. चा किस्सा शंभरदा ऐकून झालाय. तो एक, अपलिंक एक, हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. बाकीचे हजारो डेमो म्हणजे पहिली लेव्हल आणि शेवटी "आता पूर्ण गेम घ्या" चा फलक. याच्या हार्ड डिस्कवर तेच असणार. बॅटमॅनची पहिली लेव्हल जपून कुणाचं भलं होणारे?

तोक्योकर
काका, कुठला डेमो कामाचा निघेल हे आधी कळत असतं तर प्रश्नच नव्हता.

इकडे जपानमध्ये निन्टेन्डोच्या सुपर फॅमिकॉम या जुन्या मशीनला सॅटेलाव्ह्यू म्हणून जोड मिळायची, १९९५ ते २००० पर्यंत उपग्रहावरून गेम यायचे. नुसते डेमो नाही, पूर्ण गेमही, पण दुकानात न मिळणारे. ते एका छोट्या मेमरी पॅकवर उतरायचे, आठ मेगाबिटचं ते, म्हणजे एक मेगाबाइट, त्यामुळे नवीन घ्यायचं तर जुनं पुसायलाच लागायचं, सगळ्यांनी तेच केलं. आज हौशी लोक जुन्या दुकानांतून आणि लिलावातून असे पॅक आंधळेपणाने विकत घेतात, कारण शेवटच्या मालकाने काय ठेवलंय हे लावून बघितल्याशिवाय कळत नाही, आणि त्यातून जे मिळेल ते मिळेल. झेल्डाचा एक भाग ठरलेल्या वेळेलाच खेळता यायचा कारण निवेदकाचा आवाज तेव्हा थेट प्रक्षेपित व्हायचा, तो पॅकवर कधी उतरायचाच नाही. गेमचा डेटा सापडला, आवाज मात्र ज्यांनी तेव्हा टेप लावून ठेवली होती त्यांच्याकडूनच आला.

निन्टेन्डो डीएस या हातातल्या मशीनचंही थोडं तसंच. दुकानात डाउनलोड स्टेशन असायचं, जवळ जाऊन डेमो हवेतून डीएसमध्ये घ्यायचा, बंद केला की गायब, तो कुठे साठतच नव्हता. पण दुकानदारांना ते कार्ट्रिजवर पाठवायचे, आणि ती कार्ट्रिजं पुढे बाजारात आली म्हणून त्यातलं बरंच वाचलं. म्हणजे कुणाच्या तरी हातात वस्तू होती म्हणून. निशाचर, तुमच्या हातात आत्ता वस्तू आहे.

सोल्डरगन
चर्चा नंतर करा, त्याचा रविवार जवळ आलाय. कसं काढायचं ते सांगतो.

नशीब चांगलं की ३६० आहे, पीएस३ नाही. पीएस३ ची हार्ड डिस्क त्या त्या मशीनच्या किल्लीने कुलूपबंद असते, बाहेर काढून पीसीला लावली तर नुसता कचरा दिसतो, आणि मशीन मेलं की आतलंही मेलं. पीएस३वाल्यांनी हे वाचून आजच मशीन लावून बघा, अजून स्टोअर चालू आहे. सोनीने २०२१ मध्ये पीएस३, पीएसपी आणि व्हिटा या आपल्या तिन्ही मशीनचं स्टोअर बंद करायचं जाहीर केलं होतं, लोकांनी आरडाओरडा केल्यावर एप्रिलमध्ये पीएस३ आणि व्हिटाचं मागे घेतलं, पण कायमचं कुणी लिहून दिलेलं नाही.

३६० ला साधा पेन ड्राइव्ह लाव, ३२ जीबीचा पुरे. सेटिंगमध्ये स्टोरेजला जाऊन तो कॉन्फिगर कर, त्यावरचं आधीचं सगळं उडेल हे लक्षात ठेव, बायकोच्या फोटोंचा ड्राइव्ह घेऊ नकोस. मग हार्ड डिस्कवर जाऊन एकेक डेमो निवडून कॉपी करत जा. मूव्ह नको, कॉपी. डेमो कुठल्याही प्रोफाइलला बांधलेले नसतात, सगळ्यांसाठी खुले असतात, त्यामुळे परवान्याची कटकट येत नाही. आर्केडच्या ट्रायलची गंमत अशी की एक्सबॉक्स लाइव्ह आर्केडवर प्रत्येक गेमला ट्रायल द्यायचा नियमच होता, आणि ट्रायल म्हणून जी फाइल यायची ती पूर्ण गेमचीच, परवाना नसला तर ती थोडंसं दाखवून थांबते. म्हणजे तुझ्याकडे जे "ट्रायल" आहेत ते खरं तर अख्खे गेम कुलूप लावून पडलेत. कुलूप कसं काढायचं ते मला विचारू नका, मी सांगणार नाही.

पेन ड्राइव्ह पीसीला लावला की विंडोजला ते फोल्डर सरळ दिसणार नाहीत, ३६० ची पॅकेजं उघडणारी फुकट सॉफ्टवेअर आहेत ती वापर. फाइलची नावं म्हणजे आकडे आणि अक्षरांची लांबलचक माळ असते, ती बदलू नकोस!! "बॅटमॅन डेमो फायनल" असं नाव दिलंस की संपलं, नंतर कोणती फाइल कुठली ते जुळवताना डोक्याला ताप. नाव तसंच ठेव आणि शेजारी एक साधी टेक्स्ट फाइल करून त्यात लिही, कुठला गेम, कधी उतरवला आठवत असेल तर ते, अकाउंट कुठल्या देशाचं होतं ते. देशावरून काही डेमो वेगळे असायचे म्हणून ते महत्त्वाचं, आपल्यातल्या बऱ्याच जणांनी अमेरिकेचा खोटा पत्ता टाकून अकाउंट काढलेलं असायचं.

मग प्रत्येक फाइलचा हॅश (फाइलच्या मजकुरावरून निघणारी ओळखखूण, जणू बोटाचा ठसा) काढ, एसएचए-१ हा प्रकार चालेल. नो-इंट्रो म्हणून एक प्रकल्प आहे, ते कार्ट्रिज आणि डिजिटल गेमच्या याद्या हॅशसकट ठेवतात, डिस्कसाठी तसंच रीडम्प आहे. तुझा हॅश त्यांच्या यादीत असेल तर ते आधीच कुणीतरी वाचवलंय, निवांत झोप. नसेल तर मात्र तुझ्याकडे काहीतरी आहे. फाइल कुणाला न देता नुसता हॅश आणि माहिती देता येते, एवढं तरी कर. चालतात का ते पीसीवर बघायचं असेल तर झेनिया म्हणून ३६० चा एम्युलेटर (पीसीवर त्या मशीनची नक्कल करणारं सॉफ्टवेअर) आहे, सगळं नाही पण बरंच चालतं.

आणि एक, पोराला देण्याआधी प्रत दोन ठिकाणी असू दे. पेन ड्राइव्ह ही साठवायची जागा नाही, ती नेण्याआणण्याची वस्तू आहे.

वकिलीणबाई
कुणी विचारलं नाही तरी मी बोलणार, कारण वर सोल्डरगन यांनी बरोबर जागी तोंड बंद ठेवलंय आणि त्याचं कारण लोकांना कळायला हवं.

आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात संगणक प्रोग्रॅम ही साहित्यकृती धरली जाते (हो, तुमचा बॅटमॅन कायद्याच्या लेखी कादंबरीच्या पंगतीला). कलम ५२(१)(एए) म्हणतं की ज्याच्याकडे प्रोग्रॅमची प्रत कायदेशीर आहे त्याने नाश, हानी यापासून तात्पुरतं संरक्षण म्हणून बॅकअप प्रत केली तर ते उल्लंघन नाही, पण वापर मात्र ज्या कामासाठी प्रोग्रॅम दिला त्याच कामासाठी. निशाचर यांनी डेमो अधिकृत दुकानातून उतरवला होता, त्यामुळे स्वतःसाठी प्रत ठेवणं यात बसतं असं माझं मत. ती प्रत इंटरनेटवर चढवणं ही वेगळी गोष्ट, लोकांपर्यंत प्रती पोचवायचा हक्क मालकाचाच, मग वस्तू फुकट वाटलेली असो. फुकट दिलं म्हणजे हक्क सोडला असं होत नाही. आणि कुलूप तोडण्याबद्दल कलम ६५ए आहे, २०१२ च्या दुरुस्तीत आलेलं. हक्कभंग करायच्या हेतूने संरक्षण तोडलं तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड.

मुदतीचं म्हणाल तर लेखकाच्या हयातीनंतर ६० वर्षं. तोपर्यंत हार्ड डिस्कही राहणार नाही आणि आपणही.

बाहेरही फार उजेड आहे असं नाही. अमेरिकेत व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये मोजून दाखवलं की २०१० पूर्वी तिथे आलेल्या जुन्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात मिळतच नाहीत. हे विकल्या जाणाऱ्या गेमचं, डेमो कोण विकणार. एवढं असूनही बाजारात न मिळणारे गेम लायब्ररींनी अभ्यासकांना घरबसल्या, दुरून बघू द्यावेत ही मागणी तिथल्या कॉपीराइट कार्यालयाने ऑक्टोबर २०२४ मध्ये नाकारली.

याउलट एक उदाहरण देते, वकील म्हणून मला ते फार आवडतं. डूम या गेमचा पहिला भाग १० डिसेंबर १९९३ ला शेअरवेअर म्हणून बाहेर पडला. शेअरवेअर म्हणजे कॉपी करा, मित्राला द्या, वाटा, अशी परवानगीच. पुढचे भाग हवे असतील तर पैसे पाठवा. तो पहिला भाग आज जगात कुठेही मिळतो, तो नष्ट करायचं कुणी मनात आणलं तरी जमणार नाही. जपणारे लोक तेव्हा जास्त प्रेमळ होते अशातला भाग नाही, त्यांना परवानगी होती इतकंच. डाउनलोड दुकानं आली आणि ती परवानगी गेली. आताच्या डेमोला "वाटू नका" लिहिलेलं असतं आणि पी.टी. सारखं एका बटणावर उडवता येतं.

खवट_काका
म्हणजे ठेवा पण कुणाला दाखवू नका. मग माझंच बरोबर, फॉरमॅट.

वकिलीणबाई
दाखवा की. पोराला शेजारी बसवून खेळायला कुणी बंदी केलीय.

इंडीवाला_पुणे
दुसऱ्या बाजूने बोलतो, आमचा तिघांचा छोटा स्टुडिओ आहे आणि आम्ही स्वतः आमचा डेमो काढून टाकलाय. शिव्या घालण्याआधी ऐका.

स्टीमवर (पीसी गेमचं ऑनलाइन दुकान) नेक्स्ट फेस्ट असतो, आठवडाभर हजारो डेमो एकदम. २०२१ पासून हे नाव आहे, त्याआधी गेम फेस्टिव्हल म्हणायचे. एका गेमला एकदाच भाग घेता येतो त्यामुळे सगळे त्या आठवड्यासाठी जीव काढून डेमो बनवतात. लोकांना वाटतं की डेमो म्हणजे गेममधून कापलेला तुकडा, कात्री मारली की झालं. तसं नसतं, तो वेगळा बिल्ड असतो, स्टीमवर त्याला वेगळा आयडी असतो, त्याची वेगळी देखभाल. गेम पुढे बदलत जातो, डेमो मागे राहतो, मग गेम आल्यावर सहा महिन्यांनी कुणीतरी जुना डेमो खेळून "उडी नीट लागत नाही" असा रिव्ह्यू लिहितो जी उडी आम्ही कधीच दुरुस्त केलेली असते. तिघांनी गेम सांभाळायचा का डेमो? काढून टाकला. आणि काढायला एक मिनिट लागतं, ठेवायला दर महिन्याला काम लागतं, बहुतेक डेमो या एका कारणाने जातात. कुणी कट करत नाही हो, कंटाळा येतो.

मोठ्या कंपन्यांचं अजून वेगळं, गाण्यांचे आणि गाड्यांचे परवाने असतात, ते संपले की पूर्ण गेमच विक्रीतून जातो. फोर्झा होरायझन ४ असाच १५ डिसेंबर २०२४ ला गेला, ज्यांनी घेतला होता त्यांना मिळतो, नव्याला नाही. काही डेमो तर जन्मालाच मरायची तारीख घेऊन येतात, रेझिडंट ईव्हिल २ च्या रिमेकचा २०१९ मध्ये "वन शॉट" डेमो होता, ३० मिनिटं, एका माणसाला एकदाच, आणि ३१ जानेवारीनंतर बंद. लोक घाईघाईने खेळावेत हाच हेतू, आणि मार्केटिंग म्हणून तो फळला हे मान्यच करायला लागेल.

पण एक सांगतो जे मला खटकतं. आमच्या डेमोत शेवटी एक छोटा बोगदा होता जो पूर्ण गेममध्ये आम्ही घेतला नाही, आणि अजूनही कुणीतरी मेल करून विचारतं की तो कुठे गेला. म्हणून आता आमचा नियम आहे, बाहेर गेलेला प्रत्येक बिल्ड, कितीही फुटकळ असो, डीआरएम (कॉपी रोखणारं कुलूप) न लावता वेगळ्या ड्राइव्हवर. आणि पुढच्या गेमच्या वेळी डेमो काढायच्या ऐवजी नाव बदलून "जुना डेमो" म्हणून ठेवायचा विचार आहे. जुलै २०२४ पासून स्टीम डेमोला स्वतंत्र पान देतं, रिव्ह्यूही तिथे वेगळे जातात, त्यामुळे आमचं उडीचं दुखणं तसंही कमी झालंय. बाकी छोट्या स्टुडिओवाल्यांनो, हे कराच, फुकट आहे.

स्टीमवर आवडलेला डेमो खेळत असाल तर फोल्डर कॉपी करून ठेवा, डीआरएम नसेल तर तो नंतरही चालतो. मी डेव्हलपर म्हणून सांगतोय, मला राग येणार नाही.

जुनाबाजार
हे "कट नाही कंटाळा" वालं एकदम पटलं. म्हणूनच बाहेरच्याने ठेवायला पाहिजे, आतल्याला वेळच नसतो.

निशाचर_नाशिक
सगळ्यांचे आभार, काकांचेही. काल रात्री बसलो. पेन ड्राइव्हवर कॉपी झालं, हॅश काढले. बॅटमॅन आणि जस्ट कॉज दोन्ही यादीत आहेत, म्हणजे ते वाचलेत, काका खूश. दोन फाइल मात्र यादीत दिसत नाहीत, त्यातली एक रेसिंगची आहे आणि मला ती उतरवल्याचं आठवतही नाही. सोल्डरगन, यादीत नाही याचा अर्थ खरंच नाही की माझी फाइल अर्धवट उतरलेली असू शकते? ३६० वर तर ती चालू होते.

सोल्डरगन
चालू होते म्हणजे अर्धवट नाही, पण कॉपी करताना बिघडली असू शकते. परत एकदा कॉपी कर, दुसऱ्या पेन ड्राइव्हवर, आणि हॅश जुळतो का बघ. दोन्ही वेळा एकच आला तर फाइल ठीक आहे. मग टायटल आयडी (गेमचा ओळख क्रमांक) आणि हॅश इथे टाक, मी त्यांच्या फोरमवर विचारतो. पोराला सांग पुढच्या रविवारी ये म्हणून.

कृष्णाकाठ
धागा वाचून विचारतेय, जरा विषयाच्या बाजूचं आहे. आमच्याकडे सांगलीला बाबांनी डिजिट हे कॉम्प्युटरचं मासिक सुरू झाल्यापासून घेतलेलं, सगळ्या सीड्या गोणीत भरून ठेवल्यात, त्यावर गेमचे डेमो असायचे हे आठवतं, आम्ही बहीणभाऊ त्यासाठीच वाट बघायचो. डाउनलोड नाहीत पण डेमोच ना? बाबा म्हणतायत भंगारवाल्याला देऊ.

जुनाबाजार
ताई देऊ नका!!! इंटरनेट आर्काइव्हवर जगभरच्या मासिकांच्या सीड्या आहेत, आपल्याकडच्या त्या मानाने अगदी थोड्या. आणि त्या सीड्यांवर नुसते डेमो नसायचे, आपल्याकडच्या नेटच्या हिशोबाने निवडलेलं सगळं असायचं, पॅच, ड्रायव्हर, फॉन्ट, मराठी टायपिंगची सॉफ्टवेअरसुद्धा कधीकधी. सीडीला चिकटपट्टी किंवा स्केचपेन लावू नका, वरच्या छापील बाजूवर ओरखडा आला तर खालच्यापेक्षा जास्त वाईट कारण डेटाचा थर तिथेच असतो. धुवायची झाली तर साधं पाणी, मऊ कापड, मधून बाहेर पुसायचं, गोल गोल नाही. मग आयएसओ (अख्ख्या सीडीची हुबेहूब एक फाइल) काढायचा, फाइली नुसत्या कॉपी करायच्या नाहीत.

पण आधी एक करा, गोणी उघडून कुठल्या महिन्याच्या, कुठल्या वर्षाच्या आहेत ती यादी इथे टाका. मी मिरजेला असतो, सीडी ड्राइव्ह घेऊन येऊ शकतो.